खाली न बघणारा

हातमोज्यांच्या कारखान्यावरचा मजला, आम्ही सात जणी.
खाली शिवणयंत्रं, वर आमच्या बादल्या.
क्वीन्समधला जानेवारी, खिडकीला आतून बर्फ,
आणि भिंतीवर मिस्टर क्रॉनिनच्या अक्षरात:
सेल्युलॉइडचा ताव महाग, चित्र स्वस्त.
कॅमेऱ्याखालून आलं की धुवा. परत द्या.

मी बगळा धुवायची.
मी बेडूक धुवायची.
सोड्याच्या पाण्यात आधी पांढरा सुटायचा,
मग करडा (बेडूकही करडाच होता,
लोकांनी तो आपापला हिरवा करून घेतला),
शेवटी काळी रेघ. ती नखात जाऊन बसायची.
रविवारी चर्चमध्ये हात जोडले की
शेजारची मिसेस टकर कुजबुजायची,
"ऑटिली, कोळसा विकतेस की काय गं?"

बगळा हाल्वरचा. घुम्या माणूस,
दर अर्ध्या तासाला पेन्सिलीला टोक.
बेडूक मेंडेलचा.
त्या बेडकाला टोपी कशी आली ते सांगते.
शनिवारी रीळ द्यायचं, गुरुवार उजाडलेला,
मेंडेल म्हणाला, डोळे काढण्यातच माझा जन्म जायचा.
ओढली टोपी खाली, पार ओठापर्यंत.
दिवसाला चाळीस चित्रं जास्त निघाली.
बोटं तर आधीपासून चारच होती;
पाचव्याचा पगार कोण देणार?

असा तो बेडूक,
ज्याला कधी कळलंच नाही
की आपला दोस्त बगळा आहे.

पहिल्या मिनिटाला बगळा गळ्यात रुमाल बांधतो,
एका पायावर ध्यान लावतो, बगळे लावतात तसं,
आणि पंखामागे काटा-चमचा.
काटा वाजतो.
बेडकाला वाटतं नाच सुरू झाला.
आता नाचणाऱ्याला कसं खायचं?
बगळ्याच्या पायांची गाठ बसते,
बेडूक ती सोडवतो, आपल्या बुटाची नाडी समजून.
तिसऱ्या मिनिटापर्यंत काटा कुठे पडला
बगळ्यालाही आठवत नाही.

मग कडा.
कडा संपतो, दोघं चालतच राहतात.
खाली दरी आहे
हे पायांना अजून कोणी सांगितलेलं नसतं.
बगळा खाली बघतो.
आधी धड पडतं, मग मान लांबत लांबत,
सगळ्यात शेवटी डोळे.
बेडूक पुढे, गप्पा मारत,
रिकामा हात तसाच धरून.

सातव्या मिनिटाला बगळा परत वर येतो,
पट्ट्या बांधलेला, चोचीला गाठ,
तो हात धरतो
आणि डोळे मिटतो.
त्या एका पापणीवर हाल्वरने बारा चित्रं खर्च केली.
क्रॉनिन जिन्यातून ओरडत आला: बारा! पापणीला!
हाल्वर टोक करत राहिला.
मेंडेलने आपला अर्धा सँडविच
काही न बोलता त्याच्या टेबलावर ठेवला.

शनिवारी आम्ही पैसे भरून बघायला गेलो.
पुढच्या रांगांत कोट न काढता बसलेली माणसं,
दुपारी तीनला, कामाच्या दिवसात बसतात तशी.
बगळा पडला तेव्हा थिएटर फुटलं हसून.
पापणी मिटली तेव्हा कोणी हसलं नाही.
माझ्या पुढच्याने स्वतःची हॅट
हळूच डोळ्यांवर ओढली, आणि तसाच बसला.

सोमवारी ते ताव माझ्या बादलीशी आले.
एक गोष्ट तुम्हाला ठाऊक नसेल:
बगळा एका तावावर असतो, बेडूक दुसऱ्यावर.
एकावर एक ठेवून वरून काच दाबली
की दोस्ती.
एप्रनखाली एकच ताव मावला.
बगळा मीच धुतला, दुपारच्या जेवणाआधी.

पन्नास वर्षं झाली. ताव पिवळा पडलाय,
कडा आत वळल्यात, वास येतो जुन्या औषधासारखा.
नातीने तो स्वयंपाकघराच्या खिडकीला टेकवलाय,
त्यामुळे बेडकाच्या पायाखाली आता
समोरची गच्ची, पाण्याची टाकी, चार मजल्यांची पोकळी.
टोपी खाली. चार बोटांचा हात पुढे केलेला.
तोंड उघडं आहे,
कोणाला तरी काहीतरी सांगत असताना
चाललाय.